कॅमेराविना चित्रपट : फिल्मच्या पट्टीवरील अमूर्त प्रयोगांचे स्वरूप

प्रास्ताविक

चित्रपट म्हणजे कॅमेऱ्याने टिपलेल्या दृश्यांची मालिका, ही समजूत इतकी रूढ आहे की कॅमेरा वगळून चित्रपट निर्माण होऊ शकेल ही कल्पनाच प्रथमदर्शनी विसंगत वाटते. तथापि चित्रपटगृहात प्रेक्षकासमोर जे प्रत्यक्ष घडत आले त्यात कॅमेऱ्याचा सहभाग नव्हता. तेथे असे तो प्रकाशाचा एक झोत, त्याच्या मार्गातून टप्प्याटप्प्याने सरकणारी पारदर्शक पट्टी आणि समोरचा पडदा. पट्टीवरील खुणा भिंगातून आलेल्या प्रकाशाने उमटल्या, की कोणी सुईने कोरल्या, की त्यावर पतंगाचे पंख चिकटवले, याच्याशी प्रक्षेपकाला काहीही कर्तव्य नव्हते. ही साधी यांत्रिक वस्तुस्थिती ज्या मोजक्या कलावंतांनी गंभीरपणे घेतली, त्यांच्या कामातून विसाव्या शतकात कॅमेराविरहित चित्रपटाची एक स्वतंत्र परंपरा उभी राहिली.

चित्रपट-अभ्यासाच्या अभ्यासक्रमांत या परंपरेचा उल्लेख बहुधा तळटीपेपुरता येतो. कथाचित्रपट, माहितीपट आणि अनुबोधपट यांची चर्चा संपल्यावर 'इतर प्रयोग' या सदरात तिची बोळवण होते. प्रस्तुत लेखात या परंपरेचा संपूर्ण इतिहास देण्याचा हेतू नाही. लेन लाय, नॉर्मन मॅक्लारेन आणि स्टॅन ब्रॅखेज या तिघांच्या कामाच्या आधारे, असा चित्रपट प्रत्यक्षात कसा तयार होतो आणि तो पाहताना डोळ्यासमोर नेमके काय घडते, हे स्पष्ट करण्याचा येथे प्रयत्न आहे.

पट्टी, चौकट आणि डोळा

३५ मिलिमीटर रुंदीच्या फिल्मवर एका चौकटीला चार छिद्रांची उंची मिळते. एका फुटात अशा १६ चौकटी बसतात. सेकंदाला २४ चौकटी या प्रमाणित वेगाने एका सेकंदासाठी दीड फूट आणि एका मिनिटासाठी ९० फूट पट्टी लागते. म्हणजेच १४४० चौकटी. १६ मिलिमीटर फिल्मवर फुटाला ४० चौकटी येतात आणि मिनिटाला ३६ फूट पट्टी पुरते. हाताने चित्रपट रंगवणाऱ्याच्या दृष्टीने हे आकडे म्हणजे त्याच्या श्रमाचे मोजमापच होय. शिवाय ३५ मिलिमीटर फिल्मवरील सुमारे २२ मिलिमीटर रुंदीची प्रतिमा साडेसहा मीटर रुंदीच्या पडद्यावर पडते तेव्हा ती जवळजवळ ३०० पट मोठी झालेली असते. पट्टीवर एक मिलिमीटर जाडीची दिसणारी रेषा तेथे एका फुटाच्या आसपास भरते. बोटाचा ठसा, ब्रशचा तुटलेला केस, वाळताना रंगाला पडलेली भेग यांना पडद्यावर डोंगरदऱ्यांचे रूप येते. या शैलीतील पुष्कळसे सौंदर्य आणि पुष्कळसे अपघात याच गुणाकारातून जन्माला येतात.

पट्टी चौकटीच्या दाराशी क्षणभर थांबते, झडप उघडते, प्रकाश जातो, झडप मिटते, पट्टी पुढे सरकते. या थांबत-थांबत होणाऱ्या गतीमुळेच अलग चित्रांतून हालचालीचा प्रत्यय येतो. आपल्याकडील पाठ्यपुस्तकांत याचे कारण म्हणून अद्यापही केवळ 'दृष्टिसातत्य' सांगितले जाते. वस्तुतः मॅक्स वर्थायमर यांनी १९१२ मध्ये आभासी गतीसंबंधीचे प्रयोग प्रसिद्ध केल्यापासून हे स्पष्टीकरण अपुरे ठरले आहे. डोळ्यात आधीची प्रतिमा रेंगाळत राहिली असती तर हालचालीऐवजी एकावर एक साचलेल्या प्रतिमांचा गोंधळ दिसला असता. दोन भिन्न स्थानांवरील उद्दीपनांचा अर्थ मेंदू 'एकच वस्तू इकडून तिकडे गेली' असा लावतो, आणि चित्रपट या अर्थ लावण्यावर उभा असतो.

कॅमेराविरहित चित्रपटकार या प्रक्रियेशी थेट व्यवहार करतो. त्याच्यासमोर दोन मार्ग असतात. पहिला, चौकटीची मर्यादा पाळण्याचा. प्रत्येक चौकटीत एक ठिपका काढावा आणि दर वेळी तो अर्धा मिलिमीटर उजवीकडे सरकवावा. पडद्यावर ठिपका सहज वाहत जाईल. हाताच्या अपरिहार्य चुकांमुळे तो किंचित थरथरेल, आणि ही थरथरच या चित्रपटांची ओळख होय. दुसरा मार्ग चौकटीच्या सीमारेषा विसरून संपूर्ण पट्टीच एक लांब कागद मानण्याचा. पट्टीच्या लांबीला समांतर अशी एक अखंड रेषा ओढली, तर पडद्यावर ती उभी, जागच्या जागी कंप पावणारी रेषा दिसते. तीच रेषा हळूहळू तिरकी नेली, तर पडद्यावरील रेषा आडवी सरकू लागते. नक्षीची पुनरावृत्ती बरोबर चार छिद्रांच्या अंतराने झाली तर ती स्थिर भासते. अंतर किंचित कमी केले की ती एका दिशेला वाहते, किंचित वाढवले की विरुद्ध दिशेला. टेबलावर पसरलेल्या पट्टीत यातले काहीही दिसत नाही. तेथे असते ती केवळ लांबी, आणि प्रक्षेपक त्या लांबीचे काळात रूपांतर करतो.

पूर्वपीठिका

हाताने रंगवलेल्या चित्रातून प्रकाश सोडून ते पडद्यावर दाखवणे चित्रपटापेक्षा बरेच जुने आहे. महाराष्ट्रात त्याचे ठळक उदाहरण म्हणजे कल्याणच्या पटवर्धन कुटुंबाने एकोणिसाव्या शतकाच्या अखेरच्या दशकात सुरू केलेली 'शांबरिक खरोलिका'. काचेच्या लहान पट्ट्यांवर हाताने रंगवलेली पौराणिक चित्रे प्रकाशाच्या साहाय्याने पडद्यावर मोठी करून, काचा भराभर बदलून त्यांत हालचालीचा भास निर्माण केला जाई. या खेळांना कथा होती, निवेदन होते. त्यांना अमूर्त म्हणता येणार नाही. परंतु पडद्यावरील चित्रासाठी कॅमेरा अनिवार्य नाही, ही गोष्ट कल्याणच्या प्रेक्षकाला ल्युमिएर बंधूंचे नाव ऐकण्याआधीच ठाऊक होती.

फिल्मच्या पट्टीवर थेट रंगकाम करण्याचे पहिले ज्ञात प्रयत्न इटलीतील आर्नाल्दो जिन्ना आणि ब्रुनो कोर्रा या बंधूंनी १९१० नंतरच्या एक-दोन वर्षांत केले. पट्टीवरील जिलेटिनचा थर काढून तिच्यावर त्यांनी रंगांच्या सुरावटी रचल्या. हे चित्रपट आज अस्तित्वात नाहीत; कोर्रा यांच्या १९१२ मधील लेखामुळेच त्यांची माहिती मिळते. पुढे ६ जुलै १९२३ रोजी पॅरिसमधील दादावाद्यांच्या एका गाजलेल्या संध्याकाळी मॅन रे यांचा 'ल रतूर आ ला रेझाँ' दाखवण्यात आला. फिल्मच्या तुकड्यांवर मीठ, मिरपूड, टाचण्या आणि खिळे पसरून त्यांवर क्षणभर प्रकाश टाकून त्यांनी त्यातील काही भाग तयार केला होता. उर्वरित भाग मात्र कॅमेऱ्यानेच चित्रित केलेला होता. घाईने चिकटवलेली फिल्म प्रयोगात मध्येच तुटली. टाचण्यांनी चौकटीच्या मर्यादा पाळलेल्या नसल्याने त्या पडद्यावर क्षणोक्षणी तुटक उड्या मारतात. त्या मागचा हेतू खोडसाळपणाचा होता हे खरे, तरी पुढील चाळीस वर्षांतील अनेक शोधांची बीजे त्या तीन मिनिटांत सापडतात.

लेन लाय : टपालखात्याच्या जाहिरातीपासून काळ्या पट्टीपर्यंत

लेन लाय यांचा जन्म १९०१ मध्ये न्यूझीलंडमधील क्राइस्टचर्च येथे झाला. तरुणपणी ते काही काळ सामोआ बेटांवर राहिले आणि १९२६ मध्ये लंडनला पोहोचले. गतीची स्वतंत्र कला असू शकते, जशी ध्वनीची संगीत ही कला आहे, या विचाराने त्यांना झपाटले होते. पदरी कॅमेरा किंवा स्टुडिओचे भाडे देण्याइतका पैसा नव्हता. कोरी किंवा टाकाऊ फिल्म मात्र मिळवता येत असे. थेट फिल्मवर रंगवण्याची त्यांची पद्धत सिद्धान्तातून जितकी आली तितकीच या तंगीतून आली, असे म्हणणे वस्तुस्थितीला धरून होईल.

ब्रिटनच्या टपालखात्याच्या चित्रपट विभागाचे प्रमुख जॉन ग्रिअर्सन यांनी या प्रयोगाला आश्रय दिला. त्यातून १९३५ मध्ये 'अ कलर बॉक्स' हा सुमारे चार मिनिटांचा चित्रपट तयार झाला. क्यूबन वाद्यवृंदाच्या एका नृत्यसंगीतावर पट्टीभर रंगीत रेषा, ठिपके, जाळ्या आणि लहरी धावतात आणि शेवटी अक्षरे उमटतात ती पार्सलच्या स्वस्त दरांची. अमूर्त कलेचा एक आद्य लोकप्रिय नमुना टपालखात्याची जाहिरात म्हणून सामान्य चित्रपटगृहांत पोहोचला, ही गोष्ट विचार करण्याजोगी आहे. कलादालनात जो प्रेक्षक कधी फिरकला नसता त्याने कथाचित्रपटापूर्वी हे रंगनृत्य पाहिले. काहींनी त्याला दाद दिली, काहींनी हुर्यो. शासकीय खात्याने दिलेल्या पैशातून कोणते काम होऊ शकते याची कल्पना ज्यांना केवळ कंटाळवाण्या प्रचारपटांवरून आली आहे, त्यांनी हे उदाहरण लक्षात ठेवावे.

'अ कलर बॉक्स'मध्ये लाय यांनी संगीताचे भाषांतर केलेले नाही. ढोलाच्या प्रत्येक ठोक्याला एक ठिपका असा यांत्रिक मेळ ते टाळतात. एखादे वाद्य प्रवेश करते तेव्हा नवी आकृती येते, परंतु ती स्वतःच्या चालीने नाचते. संगीतकाराने दिलेल्या तालावर नर्तक आपली भर घालतो, तसे हे नाते आहे.

१९४४ मध्ये लाय न्यू यॉर्कला गेले. तेथे १९५८ मध्ये त्यांनी 'फ्री रॅडिकल्स' पूर्ण केला. रंग, ब्रश, छपाईतील करामती हे सारे त्यांनी या वेळी दूर ठेवले. पूर्णपणे काळ्या १६ मिलिमीटर पट्टीवर सुया, दंतवैद्याची हत्यारे, करवतीची पाती आणि अमेरिकेतील मूळ रहिवाशांच्या बाणांची दगडी टोके यांनी त्यांनी ओरखडे काढले. आफ्रिकेतील बागिर्मी जमातीच्या ढोलवादनाच्या साथीने या पांढऱ्या रेघा काळ्या पोकळीत वळतात, गिरक्या घेतात, खोलीत जाऊन परततात. त्यांत त्रिमितीचा विलक्षण भास आहे आणि तो सपाट पट्टीवर हाताच्या अंदाजाने साधलेला आहे. एका चौकटीची रुंदी तेथे जेमतेम दहा मिलिमीटर असते. तेवढ्या जागेत एकामागून एक शेकडो वेळा ओरखडा काढताना मनगट, खांदा, किंबहुना सारे शरीर ताणून योग्य क्षणी हिसका द्यावा लागतो. पडद्यावर जी ऊर्जा जाणवते ती कोणत्याही अलंकारिक अर्थाने नव्हे, तर शब्दशः त्या हिसक्याची नोंद आहे.

ब्रुसेल्स येथील १९५८ च्या प्रयोगशील चित्रपटांच्या आंतरराष्ट्रीय स्पर्धेत या चित्रपटाला दुसरे पारितोषिक मिळाले. पारितोषिकाने पुढच्या कामाची सोय मात्र झाली नाही. प्रायोजक मिळेनात, तेव्हा आपण चित्रपटनिर्मितीतून संपावर जात असल्याचे लाय यांनी जाहीर केले आणि ते धातूच्या गतिशील शिल्पांकडे वळले. १९८० मध्ये त्यांचे निधन झाले, त्याच्या आदल्या वर्षी त्यांनी पुन्हा 'फ्री रॅडिकल्स' हाती घेऊन त्याची लांबी आणखी कमी केली. पाच मिनिटांचा चित्रपट एकवीस वर्षांनी चार मिनिटांचा करणाऱ्या माणसाच्या हातून मधल्या काळात काय काय होऊ शकले असते, हा प्रश्न प्रयोगशील कलेला आर्थिक पाठबळ देणाऱ्या आणि नाकारणाऱ्या सर्वच संस्थांना विचारता येईल.

मॅक्लारेन : मोजमाप आणि रेखाटलेला आवाज

नॉर्मन मॅक्लारेन यांचा जन्म १९१४ मध्ये स्कॉटलंडमधील स्टर्लिंग येथे झाला. ग्लासगोच्या कलाशाळेत विद्यार्थी असताना त्यांनी कोठूनतरी एका जुन्या ३५ मिलिमीटर चित्रपटाची प्रत मिळवली, पाण्यात भिजवून तिच्यावरील प्रतिमांचा थर धुऊन काढला आणि स्वच्छ झालेली पट्टी रंगवायला घेतली. ग्रिअर्सन यांच्याच आश्रयाने ते टपालखात्याच्या चित्रपट विभागात आणि पुढे १९४१ मध्ये कॅनडाच्या राष्ट्रीय चित्रपट मंडळात आले. लाय यांच्या वाट्याला न आलेले संस्थात्मक स्थैर्य मॅक्लारेन यांना लाभले आणि त्यांनी त्याचे चीज केले. १९५० च्या दशकाच्या प्रारंभी युनेस्कोच्या कामासाठी ते भारतातही येऊन गेले होते, आणि १९५७ च्या त्यांच्या 'अ चेअरी टेल' या लघुपटाला रविशंकर यांचे संगीत लाभले. तो मात्र कॅमेऱ्याने चित्रित केलेला आहे.

एव्हलिन लॅम्बार्ट यांच्यासह त्यांनी १९४९ मध्ये केलेला 'बिगॉन डल केअर' हा या शैलीचा बहुधा सर्वांत आनंदी चित्रपट होय. ऑस्कर पीटरसन यांच्या जॅझ पियानोवर आधारलेल्या या चित्रपटात पट्टीचे लांबच लांब तुकडे टेबलावर पसरून चौकटीची फिकीर न करता रंगवले गेले. ओल्या रंगावर कापडाची वीण दाबून तिचे ठसे घेतले गेले, बसलेली धूळही नक्षी म्हणून स्वीकारली गेली. मधल्या संथ भागात सगळे रंग विरतात आणि काळ्या पार्श्वभूमीवर एक-दोन नाजूक पांढऱ्या उभ्या रेषा थरथरत राहतात. वर उल्लेखिलेली, पट्टीच्या लांबीला समांतर ओढलेली रेषा ती हीच.

'ब्लिंकिटी ब्लँक' या चित्रपटाची रीत याच्या नेमकी उलट आहे. त्याला १९५५ मध्ये कान महोत्सवात लघुपटासाठीचा सर्वोच्च सन्मान मिळाला. काळ्या पट्टीवर कोरताना मोठी अडचण अशी की, चौकट कोठे सुरू होते आणि कोठे संपते हे दिसतच नाही. सलग चौकटींत आकृती जागच्या जागी बसवणे दुष्कर होते. मॅक्लारेन यांनी अडचणीलाच पद्धत बनवले. कित्येक चौकटी त्यांनी पूर्ण काळ्या सोडल्या आणि अधूनमधून एखाद-दुसऱ्या चौकटीवर आकृती कोरली. पडद्यावर अंधारातून आकृती चमकून नाहीशी होते आणि मधली पोकळी प्रेक्षक आपल्या मनाने भरतो. दोन चौकटींच्या मध्ये जे घडते ते प्रत्येक चौकटीतील चित्रापेक्षा महत्त्वाचे, ही मॅक्लारेन यांची धारणा होती आणि हा चित्रपट तिचे प्रात्यक्षिक ठरतो. यातील आकृती पक्ष्यासारख्या, फळासारख्या ओळखता येतात, म्हणून त्याला काटेकोर अर्थाने अमूर्त म्हणता येत नाही. तथापि तंत्राच्या दृष्टीने तो टाळून पुढे जाता येत नाही.

मॅक्लारेन यांचे भौतिकशास्त्राच्या अध्यापकालाही रस वाटेल असे काम म्हणजे हाताने रेखाटलेला ध्वनी. फिल्मच्या एका कडेला ध्वनिपट्टी असते. तिच्यावरील गडद-फिकट खुणांतून जाणारा प्रकाश कमी-जास्त होतो, प्रकाशघट त्याचे विद्युत्संकेतात रूपांतर करतो आणि ध्वनिक्षेपक तो ऐकवतो. ही खूण ध्वनिमुद्रणातूनच आली पाहिजे असे नाही. ध्वनिपट्टीवर एका चौकटीच्या लांबीत समान अंतरावर दहा आडव्या रेघा काढल्या, तर सेकंदाला २४० आंदोलने होतात आणि तेवढ्या वारंवारतेचा स्वर ऐकू येतो. वीस रेघा काढल्या की ४८०, म्हणजे बरोबर वरच्या सप्तकातला तोच स्वर. रेघांची रुंदी वाढवली-घटवली की आवाज मोठा-लहान होतो, त्यांचा आकार बदलला की नाद बदलतो. १९४० मधील 'डॉट्स' आणि 'लूप्स' या लघुपटांत चित्र आणि आवाज दोन्ही मॅक्लारेन यांनी याप्रमाणे पट्टीवर रेखाटले आहेत. त्यात एक व्यावहारिक मेख आहे. प्रक्षेपकात चित्राचे दार आणि ध्वनी वाचणारा भाग एका जागी नसतात. ३५ मिलिमीटर यंत्रात त्यांच्यात सुमारे वीस चौकटींचे अंतर असते. त्यामुळे ठिपका आणि त्याचा आवाज एकाच वेळी हवा असेल तर आवाजाच्या रेघा चित्राच्या तितक्याच चौकटी आधी काढाव्या लागतात, नाहीतर आवाज जवळजवळ एक सेकंद उशिरा येतो.

'मॉथलाइट' आणि अमूर्ताचा प्रश्न

अमेरिकेतील स्टॅन ब्रॅखेज यांचा 'मॉथलाइट' १९६३ मधला. तो सुमारे चार मिनिटांचा असून पूर्णपणे मूक आहे. त्या काळात ब्रॅखेज कमालीच्या आर्थिक ओढगस्तीत होते, फिल्म विकत घेण्याचीही ऐपत नव्हती. दिव्यांशी झेपावून मेलेले पतंग त्यांनी गोळा केले. त्यांचे पंख, फुलांच्या पाकळ्या, गवताची पाती, बिया हे सारे फिल्म जोडण्यासाठी वापरल्या जाणाऱ्या, छिद्रे असलेल्या पारदर्शक चिकटपट्टीच्या दोन थरांत बसवले आणि प्रयोगशाळेत त्या जाड, ओबडधोबड पट्टीची प्रत काढून घेतली. येथे कॅमेरा नाही, रंग नाही, मूळ अर्थाने फिल्मसुद्धा नाही.

पडद्यावर गवताचे एक पाते कित्येक चौकटींवरून लांबत जाते तेव्हा त्याच्या शिरा वेगाने वाहतात. पंख मात्र दोन-तीन चौकटींत फडफडून संपतो. पंखांवरील खवले, परागकण, कोरड्या पाकळीतील जाळे इतक्या जवळून दिसते की पाहणाऱ्याला ते प्रथम केवळ तपकिरी-पिवळे आकार वाटतात आणि क्षणार्धात उमगते की ही खरीखुरी वस्तू आहे. या ठिकाणी 'अमूर्त' हा शब्द अडखळतो. छायाचित्रात वस्तूची प्रतिमा असते. 'मॉथलाइट'च्या मूळ पट्टीत वस्तू स्वतःच आहे. कॅमेऱ्याने काढलेल्या पतंगाच्या चित्रापेक्षा हे चित्र अधिक वास्तव म्हणावे लागेल, आणि तरीही पाहताना ते शुद्ध लय व पोत यांचा अनुभव देते. मराठी समीक्षेत अमूर्त म्हणजे अर्थशून्य किंवा वास्तवाशी फारकत घेतलेले असा जो समज आढळतो, त्याला यापेक्षा नेमके उत्तर क्वचितच सापडेल. मेलेला पतंग प्रक्षेपकाच्या दिव्यासमोर पुन्हा उडतो, ही त्यातील करुणा शब्दांत सांगायची गरज ब्रॅखेज यांना वाटली नाही.

पुढे ब्रॅखेज यांनी शेकडो चौकटी रंगवल्या. 'द दांते क्वार्टेट' हा १९८७ मधील काही मिनिटांचा चित्रपट रंगवायला त्यांना सहा वर्षे लागली. ही दीर्घ मेहनत त्यांना महागात पडली. त्यांना मूत्राशयाचा कर्करोग झाला आणि वर्षानुवर्षे वापरलेले डांबरजन्य कृत्रिम रंग त्याला कारणीभूत असावेत असे त्यांचे स्वतःचे मत होते. २००३ मध्ये त्यांचे निधन झाले. अखेरच्या दिवसांत अंथरुणावर असताना ते काळ्या फिल्मचा थर थुंकीने मऊ करून नखाने खरवडत होते. तो लघुपट 'चायनीज सिरीज' या नावाने उपलब्ध आहे. हत्यारांची यादी तेथे नखाशी येऊन थांबते.

ब्रॅखेज यांच्यानंतर या वाटेने गेलेल्यांत जपानी चित्रपटकार तोमोनारी निशिकावा यांच्या कृतीचा उल्लेख आवश्यक आहे. २०१४ च्या जूनमध्ये त्यांनी फुकुशिमा अणुकेंद्रापासून सुमारे २५ किलोमीटरवर, रस्त्याकडेच्या पालापाचोळ्याखाली ३५ मिलिमीटर फिल्म सूर्यास्तापासून सूर्योदयापर्यंत पुरून ठेवली आणि नंतर ती धुतली. त्यातून दोन मिनिटांचा निळसर, ठिपक्या-रेघांनी भरलेला चित्रपट मिळाला. या खुणा किरणोत्साराच्या की ओलाव्याच्या व मातीच्या, हे पट्टीकडे पाहून सांगता येत नाही. आपल्या आसपास काय आहे ते डोळ्यांनी कळू नये, हीच त्या प्रदेशात परतलेल्या रहिवाशांची स्थिती होती.

मुंबईतील समांतर प्रयत्न

चित्रकार अकबर पदमसी यांनी नेहरू अभिछात्रवृत्तीच्या आधारे १९६९ च्या सुमारास मुंबईत 'व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉप' ही कार्यशाळा उभारली. तेथे तयार झालेला 'सिझिजी' हा भारतातील अमूर्त चित्रपटाचा महत्त्वाचा टप्पा होय. भौमितिक रेषांची शेकडो रेखाटने त्यात क्रमाने येतात. परंतु ती कागदावर काढून कॅमेऱ्याखाली चित्रित केलेली असल्याने तो प्रस्तुत लेखाच्या व्याख्येत बसत नाही. याच कार्यशाळेत नलिनी मलानी यांनी प्रकाशसंवेदी कागदावर वस्तू ठेवून कॅमेऱ्याविना छायाचित्रे केली. मॅन रे यांची रीत येथपर्यंत पोहोचली होती, पण ती कागदावरच थांबली, फिल्मच्या पट्टीपर्यंत गेली नाही.

साधने, धोके आणि जुनी पट्टी

महाविद्यालयात असा प्रयोग करून पाहण्यास फारसा खर्च येत नाही. कोऱ्या पारदर्शक पट्टीवर पाण्यात विरघळणारे रंग नीट धरत नाहीत. काचेवर किंवा प्लास्टिकवर लिहिण्याचे पक्क्या शाईचे पेन चांगले चालतात. रंगाचा थर जाड झाला तर तो वाळून सुटतो आणि प्रक्षेपकाच्या दारात अडकतो. खरवडण्यासाठी काळी धुतलेली फिल्म लागते. ती रंगीत असेल तर एक सुंदर योगायोग अनुभवता येतो. चित्रपटगृहांसाठीच्या रंगीत प्रतीच्या फिल्मवर रंगांचे तीन थर एकावर एक असतात : सर्वांत वर किरमिजी, मध्ये निळसर-हिरवा, तळाशी पिवळा. हलक्या हाताने खरवडले की वरचा थर जाऊन हिरवा रंग दिसतो, थोडा जोर दिला की पिवळा, आणि पूर्ण खोल गेले की शुभ्र प्रकाश. हाताचा दाब म्हणजेच रंगाची निवड. घरातला ब्लीच टाकला की जिलेटिन विरघळते व मनोवेधक आकार उमटतात. पण ब्लीच खुल्या हवेत, हातमोजे घालूनच वापरावा, आणि कोणत्याही आम्लाशी त्याचा संपर्क येऊ देऊ नये, कारण त्यातून विषारी क्लोरीन वायू सुटतो.

प्रक्षेपक आता दुर्मीळ झाले आहेत. चित्रपटगृहे डिजिटल झाली, तसे ते मोडीत निघाले. पट्टी चौकटीनुसार स्कॅन करून संगणकावर सेकंदाला २४ चौकटींच्या वेगाने पाहता येते. त्यात रंगाच्या थराची जाडी आणि प्रत्यक्ष प्रकाश त्यातून जाण्याचा अनुभव गमावला जातो. दुसरीकडे, हाताने रंगवलेली मूळ पट्टी एकमेव असते आणि प्रक्षेपकातून ती दर खेळाला झिजते, हेही विसरता येत नाही.

खरी अडचण कच्च्या मालाची आहे. कोरी फिल्म महाग, तर जुन्या प्रती भंगारात सहज मिळतात. म्हणून मॅक्लारेन यांच्याप्रमाणे जुनी प्रत धुऊन घेण्याचा मोह होतो. मॅक्लारेन यांनी धुतलेल्या पट्टीवर कोणता चित्रपट होता हे आज कोणालाही ठाऊक नाही. भारतात तेराशेच्या आसपास मूकपट निर्माण झाले, त्यांपैकी हाताच्या बोटांवर मोजता येतील इतकेच पूर्ण स्वरूपात उरले आहेत. कित्येकांच्या प्रती त्यांतील चांदीसाठी वितळवल्या गेल्या, आणि पुण्यात २००३ मध्ये लागलेल्या आगीत नायट्रेटवरील अनेक जुन्या प्रती खाक झाल्या. अशा देशात एखादी अनोळखी पट्टी धुणे हा निरुपद्रवी उद्योग राहत नाही. भंगारातली प्रत हाती आल्यास प्रथम तिची कडा भिंगाखाली पाहावी. कडेवर 'नायट्रेट' असे छापलेले असेल तर ती अत्यंत ज्वालाग्राही असते; तिला हात न लावता पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला कळवावे. 'सेफ्टी' असे असेल तर शेजारी वर्तुळ, चौकोन, त्रिकोण अशा लहान खुणा शोधाव्यात. कोडॅकच्या फिल्मवर त्या खुणांवरून उत्पादनाचे वर्ष ठरवता येते. खुणा ठरावीक वर्षांनी पुन्हा येत असल्याने प्रतिमांतील पोशाख, वाहने, पाट्या यांवरूनही ताळा करून घ्यावा. नंतर पहिल्या काही फुटांतील नामावली वाचावी, आणि ती नसेल तर मधल्या निरनिराळ्या ठिकाणच्या चौकटींची छायाचित्रे काढून संग्रहालयाकडे पाठवावीत. उत्तर येईपर्यंत पट्टी कोरड्या, थंड जागी गुंडाळून ठेवावी.